सख्ख्याला चुचकारत नाहीत

दादा,

परवा वाटूरला एका लग्नाला गेलो होतो. भावकीतलं कुणी रुसलं नाही, कुणाला घरून आणावं लागलं नाही, आणि मला तुमची आठवण झाली. तुमच्या वेळी अक्षतांच्या आधी कुणीतरी मानपानावरून घरी बसायचंच, आणि त्याला चुचकारून आणायला गाव तुम्हाला पाठवायचं. बुजलेल्या गोऱ्ह्याला जिभेनं च् च् करत, पाठीवर हात फिरवत जवळ घेतात, तसं तुम्ही माणसांना घ्यायचात. ओट्यावर टेकून आधी पाणी मागायचात. मग हळूच, "मामा, तुमच्याबिगर मांडव सुना दिसून राह्यला. चार लोकांत बोलावं तर तुमीच." मामा कुरकुरत टोपी शोधायला लागायचे. खोटं कौतुक करू नये, खरं आहे तेच जरा मोठ्यानं बोलावं, असं तुम्ही सांगायचात.

ताईच्या लग्नात काका रुसले. बांधावरच्या बाभळीवरून तुम्हा सख्ख्या भावांचं बोलणं बंद होतं. सगळ्यांना वाटलं, तुम्ही गेलात म्हणजे काका आलेच. मी सोबत होतो. काका नवा सदरा घालून दारात बसले आहेत. तुम्ही ओट्यावर टेकत नाही, पाणी मागत नाही. उभ्यानंच म्हणता, "चाल." काका मान वर करून बघतात, वाट पाहतात. तुम्ही वळून चालू लागता, काका बसूनच राहतात.

परतताना मी विचारलं, तर म्हणालात, "सख्ख्याला काय चुचकारायचं? त्यो काय परका हाय?" पंगतीत मात्र तुमच्या शेजारच्या जागेवर तुम्ही कुणाला बसू दिलं नाही.

काका आले ते तुमच्या दहाव्याला. डोकं भादरून झाल्यावर माझ्याजवळ बसले. म्हणाले, "गावभर चुचकारत हिंडला, अन् मला नुसतं चाल म्हणला. कपडे घालून बसल्तो मी." तुम्ही वाटेत काय बोलला होतात ते मी सांगितलं. त्यांनी भादरलेल्या डोक्यावरून हात फिरवला. "मंग त्यवढं तरी सांगायचं व्हतं त्यानं," एवढंच म्हणाले.

मलाही तुम्ही कधी शाबास म्हणाला नाहीत. दहावीचा निकाल दाखवला तेव्हा "बराबर" म्हणून बैलांना पाणी पाजायला गेलात. का, ते आता कळतं. तरी, हे तुमच्यापर्यंत पोचणार नाही म्हणूनच लिहितो, दादा: एकदा मलाही चुचकारलं असतंत, तर आवडलं असतं.