वळवणीचं शिंग

बर्फवितळीचा आठवा दिवस

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पूल बंद झाल्यापासून तुझी खुशाली नाही, म्हणून हे पत्र वरच्या खिंडीतल्या टपालदोरीने पाठवतोय. आम्ही बरे आहोत. दुकानात मात्र वाद्यांपेक्षा ओलच जास्त. ढोलांची कातडी इतकी सैल पडलीत की थाप मारली तर म्हशीसारखी हंबरतात. धाकटी लेक म्हणते, दुरुस्ती सोडा, गोठाच काढा.

काल पंच दुकानात आले. बाबांचं शिंग अजून वाजतं का, असं थेट विचारलं. मी म्हणालो, वळवणीला चाळीस वर्षं बंदी आहे. त्यावर पीठगिरणीवाला म्हणाला, बंदी लिहिली तेव्हा पाणी शाळेच्या पायरीला नव्हतं. ताई, आता ते तिसऱ्या पायरीला आहे. शिंग फुंकलं की नदी आमच्यापासून सरकेल, हे खरं. पण सरकून जाणार कुठे, तर तुमच्या काठावर. मी नाही म्हटलं. पाणीसुद्धा न पिता उठले सगळे.

भावोजींना नमस्कार. माया आहेच, ती दोन ओळींत कळू दे.
तुझा फुंक्या

दहावा दिवस

चि. फुंक्यास,
अनेक आशीर्वाद.

नाही म्हणालास ते चांगलं केलंस. आमचा काठ ताटासारखा सपाट, तुला ठाऊक आहे. त्यात चार बाळंतपणं तोंडावर आलीत. तुझ्या सुईण बहिणीला बसायला फुरसत नाही. विणकराची सून तर रोज विचारते, आज का उद्या? मी म्हणते, बाळाला विचार.

सासूबाईंनी काल पहिल्यांदा मागच्या वळवणीचं सांगितलं. त्या नव्या नवरी होत्या. भर दुपारी, आभाळ कोरडं असताना पाणी आलं आणि त्यांच्या गल्लीतली अकरा माणसं गेली. शिंग बाबांनी फुंकलं होतं, हे त्यांना तेव्हापासून माहीत आहे. तरी मला सून करून घेतली आणि कधी एका शब्दाने डिवचलं नाही. हे ऐकल्यापासून मला त्यांच्यासमोर मान वर करवत नाही.

मुलींना डोंगरावर पाठव. शिंग चुलीत घाल. पत्र धाडायला आळस केलास तर कान उपटायला येईन.
तुझी ताई

बारावा दिवस

ती. ताईस,
सा. न.

घाईत लिहितोय. डोंगराची वाट दरडीने बुजली, म्हणून सगळे शाळेत आसऱ्याला होते. आज सकाळी शाळेची भिंत गेली. सत्तर माणसं छपरावर आहेत, त्यांत माझ्या दोघी मुली. ओढ इतकी आहे की होडी लागत नाही. सुतार म्हणतो, छप्पर उद्या दुपारपर्यंत टिकेल.

उद्या सूर्य डोक्यावर आला की मी फुंकणार आहे. त्याआधी नाही, हा माझा शब्द. टपालवाला हे संध्याकाळच्या आत पोचवतो म्हणालाय. सगळ्यांना टेकडीवर ने. सासूबाईंना आधी ने.

मला कोणी भरीस घातलं नाही. पंच आज काही बोललेही नाहीत. माफी मागायला तोंड नाही.
फुंक्या

सतरावा दिवस

चि. फुंक्यास,
आशीर्वाद. अनेक म्हणून लिहवत नाही.

तुझं पत्र दिवेलागणीला मिळालं. मी नि तुझे भावोजी घरोघर दारं ठोकत फिरलो. चारशे माणसं टेकडीवर चढली. विणकराच्या सुनेला नेमक्या कळा लागल्या, तिला हलवणं शक्य नव्हतं. तिला मागाच्या माळ्यावर घेतलं. सासूबाईंना लाख विनवलं, पण पाणी तापवायला कोणीतरी हवंच म्हणून त्या खाली चुलीपाशी थांबल्या.

दुपारी आधी सूर आला. बाबांचाच. दुकानात शिंगं तपासताना तिसऱ्या फुंकेला त्यांचा श्वास तुटायचा, तसाच तुटला. मग पाणी आलं. मी शिडीवरून सासूबाईंना हात दिला. त्यांनी आधी तापल्या पाण्याचं पातेलं वर दिलं. ते ठेवून वळले तोवर दार फुटलं होतं.

मुलगी झाली. दोघी सुखरूप आहेत. सासूबाई तिसऱ्या दिवशी सापडल्या. भावोजी अजून बोलत नाहीत.

काल चौकशीवाले आले. शिंग कोणी फुंकलं विचारलं. मी तुझं नाव सांगितलं. दुसऱ्याच्या तोंडून कळू नये म्हणून लिहितेय. तुझं पत्रही दाखवलं, त्यामुळे चारशे जीव वाचले हे सांगितलं. तुझ्या मुली वाचल्याचं ऐकून मी रडले, आणि या घरात रडले म्हणून शरम वाटली.

तुला न्यायला होडी परवा निघेल. हे पत्र उद्या पोचेल. मधला दिवस तुझा.
ताई

अठरावा दिवस

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. वाचून दाखवताच धाकटीने गाठोडं बांधलं. पीठगिरणीवाल्याने घोडा दाराशी आणला. दरड उपसून झालीय, डोंगरापलीकडे कोणी विचारत नाही म्हणाला. मी घोडा परत पाठवला. धाकटीने अजून गाठोडं सोडलेलं नाही.

मुलींना सांगितलं, आत्याच्या गावी जातोय. परत कधी, असं थोरलीने विचारलं. ते तिथली माणसं ठरवतील म्हणालो. तिने पुढे विचारलं नाही. मोठी झाली गं.

तू नाव सांगितलंस ते बरोबर केलंस. मला वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू.

उद्या धक्क्यावर येऊ नकोस, असं लिहायला बसलो होतो. पण ये. भावोजींना चालणार नसेल तर लांब उभी राहा. लोभ असावा असं लिहायचं धाडस होत नाही. नुसती ये.
तुझा
फुंक्या