पेन्शनीवर पाणी सोडणाऱ्या पार्वतीबाईचं मृत्युपत्र

मी, पार्वतीबाई बाबनराव नंदनवार, वय चौसष्ट, धंदा भजन गाणे, राहणार हुडकेश्वर, नागपूर, पूर्ण शुद्धीत हे लिहून ठेवून राहिली. शुगर आहे, पण ते डोक्यात गेली नाही. मृत्युपत्रासाठी मले कोणी धाक दाखवला नाही. धाक दाखवला तो लग्न करू नको म्हणून, आन तो माह्या पोरानं, अभिजीतनं.

लग्न उद्या आहे. वाटणी आजच झालेली बरी.

१. हुडकेश्वरचं घर माह्या नावानं आहे. माह्यामागं ते अभिजीत आन सूनबाई धनश्री, दोघायचं. कागदावर धनश्रीचं नाव पहिले लावाचं. नवरदेव मार्तंडले एक वीटही नाही. हे त्यानंच सांगतलं. म्हणे, "घर पोराले लिहून दे वं. नाही तं लोकं म्हणतीन, बुढ्यानं घरासाठी बुढी पटवली." मी म्हटलं, "आन कशासाठी पटवली गा?" सत्तरीचा माणूस, कानापर्यंत लाल झाला.

२. मार्तंड कोण, ते सांगणं भाग आहे. भिवापूरले आमच्या भजनात तो पेटी वाजवे. मी शाळा सातवीपर्यंत शिकली, गाणं त्याच्या पेटीवर. त्यानं मागणी घातली तं माहे बाबा म्हणे, "पेटीत भाकर शिजते का?" आन मले सरकारी नोकरीतल्या बाबनरावले दिलं. पेन्शन होती ना! बाबनराव वाईट नव्हते. पण त्यायले घरात रेडिओ चाले, बायको गायलेली नाही चाले. त्यायचं घड्याळ आन फोटो अभिजीतले. फोटो पुसत जाजो, बाप होता तुहा.

३. बाबनराव गेल्यावर मी पुन्हा भजनात बसली. पेटीवर मार्तंडच, त्याचीही बायको वारलेली. माह्या दोन्ही खंजिऱ्या धनश्रीले. भांडे घासताना कोण चाल धरते, ते मले खोलीत ऐकू येते वं पोरी.

४. माह्या पैशानं घेतलेला भजनाचा भोंगा दीर नत्थूभाऊजीले. "विधवेनं माईक धरू नये," असं ते भरल्या पंगतीत बोलले होते. भोंगा त्यायनं आपल्याच गच्चीवर, तोंड घराकडं करून बांधावा.

५. पेन्शन कोणाले देता येत नाही, म्हणून सोडून राहिली. पुन्हा लग्न केलं की विधवेची पेन्शन बंद. अभिजीत म्हणे, "आई, लग्न काहून करतं? तसेच राहा ना दोघं, पेन्शन चालू राहीन." पाहा! मार्तंड चहाले आला तं लोकं पाहतीन म्हणून दार लावून घेणारा हाच! मी म्हटलं, "बाबू, तुह्या लग्नात गावभर पत्रिका वाटल्या, आन मी चोरून राहू?" धनश्री तोंडात पदर कोंबून हसली.

पण भीती मलेही होती. गोळ्या, सिलिंडर, म्हातारपण. भजनाची बिदागी गळा आहे तवापर्यंत. दर नोव्हेंबरात बँकेत लिहून द्या लागते, की जिवंत आहो आन दुसरं लग्न केलं नाही. तीन वर्षं मार्तंड बाहेर बाकावर बसे, आन मी आत जाऊन सही करून आली. त्यानं एकदाही टोकलं नाही. येंदा पेन हातात घेतला आन वाटलं, जिवंत असल्याची सही एकटी असल्याशिवाय चालतच नाही का? पेन ठेवला. काउंटरवरच्या पोरीले म्हटलं, "जिवंत आहो, एवढं लिही. दुसरं आता खरं राहणार नाही."

"काकू, पेन्शन बंद होईन!"

"होऊ दे. गाणं चालू राहीन."

बाहेर येऊन मार्तंडले सांगतलं. तो तसाच उठला, म्हणे, "चल, लग्नाची नोटीस देऊन येऊ." भर दुपारी, जेवल्याबिगर.

६. लग्नाच्या नोंदणीले तीन साक्षीदार लागते. दोन होते. आत्ता हे लिहून राहिली तं अभिजीत दारात येऊन उभा. "उद्या किती वाजता निघाचं?"

"तू कुठं निघाला?"

"तिसरी सही कोण करीन मंग?"

मी कलम दोनमधलं घड्याळ आत्ताच त्याच्या हातात दिलं, म्हटलं, "दहाले." 

आमच्यासमोर पार्वतीबाईनं सही केली, आन करताना गुणगुणत होती :
१. वंदना हेडाऊ, भजन मंडळ, हुडकेश्वर
२. देवाजी पराते, शेजारी, हुडकेश्वर

नागपूर, दिनांक १८ डिसेंबर २०२५

सही : पार्वतीबाई बाबनराव नंदनवार
(या नावाची ही शेवटची.)