दाराकडे बघणारी आई

अल् खुवैर, मस्कत
मार्च २०१६

विशाखाताई,

पॅरिसमध्ये तू मोठमोठे सिनेमे एडिट करतेस, म्हणून बाबांच्या साठीशांतीचं शूटिंग हौसेनं तुझ्याकडे पाठवलं. काय करून ठेवलंस हे? नंदूमामांचं भाषण उडवलंस. औक्षण सुरू होतं न होतं तोच खलास! तिकडे दुक्म बंदरावरून रजा काढून आलेला माझा मित्र देवेश विचारतोय, "प्रसाद, मी जेवायला आलो होतो की नाही?" काय सांगू त्याला?

आणि आई पाहुण्यांशी बोलता बोलता हॉलच्या दाराकडे बघते, तेवढं मात्र सगळं ठेवलंस. पुन्हा पुन्हा. मी तिथेच होतो, मला ते दिसलंही नव्हतं.

माझ्या ऋचाच्या बारशाला तुझं एडिटिंग, दिवाळीला एडिटिंग, साठीलाही एडिटिंग. "हा सिनेमा संपला की येतेच," हे दर वेळचं.

आई रोज तो व्हिडिओ लावते. म्हणते, "किती छान केलंय रे तिनं! तिला काही बोलू नकोस." म्हणून हे पत्र पाठवत नाहीये.

पण ताई, आई कुणाची वाट बघतेय ते कळलं नसतं, तर तू तेही कापलंच असतंस. मग कळूनसुद्धा तिथे काय करत बसली आहेस?

तुझ्यापुढे हात टेकलेला,
प्रसाद