चूलबंद आवतण

८ मार्च १९८१, रविवार
निमाचं ठरलं. सुपारी फुटली. मुलगा बँकेत, राहणार नाशिकचाच. सौ.चे थोरले भाऊ दामूअण्णा सकाळच्या गाडीने सायखेड्याहून आले होते. सौ.च्या माहेरचं प्रत्येक लग्न त्यांनीच उभं केलेलं. आचारी, मांडव, वाजंत्री, मानपान, सगळं त्यांच्या शब्दावर. बैठक उठायच्या आत म्हणाले, "दाजी, तुम्ही फक्त नवा सदरा शिवा. बाकी माझ्यावर सोडा." सौ.ने पदर डोळ्याला लावला. मीही खुशीत होतो. म्हणालो, "तुमच्या सायखेड्याच्या गल्लीतलं एक घर सोडू नका, अण्णा."

१९ मार्च
दामूअण्णांशी (यापुढे दा.अ.) माझं जमणं अवघड. पत्रिकेचा मजकूर करून आणला. 'शुभवीवाह'. नवऱ्या मुलाचं आडनाव चुकलेलं. कार्यालयाचा पत्ता नाहीच. दाखवलं तर म्हणतात, "वाचणाऱ्याला कळल्याशी मतलब." मी चौथीतून शाळा सोडलेला माणूस. पुड्याचे कागद वाचून शुद्धलेखन शिकलो, पंपाच्या जळक्या मोटारी उकलून वाइंडिंग शिकलो, त्यावरच दुकान टाकलं. मला हे चालत नाही. मजकूर पुन्हा लिहून काढला, छापखान्यात स्वतः उभा राहून तपासला.
आचारीही त्यांनी मला न विचारता ठरवला. गावजेवणाचा. मला टेबल-खुर्चीची पंगत हवी आहे.

२ एप्रिल
व्याह्यांना ठरलेलं कार्यालय दाखवायला पंचवटीत, दा.अ.ही बरोबर. व्याही निवृत्त हेडमास्तर, मोजकं बोलणारे. दा.अ. त्यांना म्हणतात, "पोरगी जरा गरम डोक्याची हे, बापाच्या मोटारीवानी. पण पाणी लय जोरात फेकती!" व्याही हसले नाहीत. मग मुहूर्ताचं निघालं. "पत्रिकेत बाराचा, म्हंजे लागंल दीडला." व्याह्यांनी मनगटावरचं घड्याळ पाहिलं. मी जमिनीकडे पाहिलं.
घरी निमाला सांगितलं तर पोट धरून हसली. "मामा तो मामाच!" तिला कळत नाही, तिथे मान खाली माझी जाते.

७ एप्रिल
सायखेड्याचा एक शेतकरी पंपाची मोटार घेऊन दुकानात आला. जाताना म्हणाला, "येतो मग सगळी लग्नाला. सुनबाई बाळंतीण हे, तिलाबी आणतो. चूलबंद आवतण हे म्हणल्यावर घरी कोण राहतं?"
मी हातातला पान्हा खाली ठेवला. चूलबंद म्हणजे त्या दिवशी त्या घरात चूल पेटायची नाही. म्हाताऱ्यापासून तान्ह्यापर्यंत सगळ्यांनी कार्याला जेवायचं. विचारलं, "कोणाकोणाला दिलंय असं?" म्हणाला, "पुऱ्या गल्लीला. दामूअण्णा सोता फिरले, अक्षता घिऊन."
कार्यालयात माणसं मावायची नाहीत. व्याह्यांची माणसं ताटकळत उभी राहतील.

८ एप्रिल
दुकान बंद ठेवून सायखेड्याला गेलो. दा.अ. ओट्यावरच होते. जे झालं ते जसंच्या तसं लिहितो.
मी: चूलबंद द्यायला कोणी सांगितलं होतं?
ते: तुम्हीच म्हणला, एक घर सोडू नका.
मी: घरटी एक माणूस असा अर्थ होता.
ते: आमच्याकडं घर म्हंजे घर, दाजी.
मी: आवतण तुम्ही दिलंत, तुम्हीच फिरवा.
वहिनी चहा घेऊन दारात आल्या होत्या, तिथेच थांबल्या. दा.अ.नी डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवली. मग, "आन् बाकीचं? आचारी, मांडव?" मी सांगितलं, आता सगळं कार्यालयाचे मॅनेजर बघतील.
"म्हंजे नारळच दिला की मला," ते म्हणाले आणि स्वतःच हसले. मी हसलो नाही. चहा मात्र प्यालो.

९ एप्रिल
सौ. बोलत नाही. ताट समोर ठेवते आणि आत जाते. संध्याकाळी एवढंच, "दिलेलं आवतण माघारी घेतलेलं ऐकलंय कुठं? त्यापरीस त्याला दोन मुस्काटात द्यायच्या होत्या."
मी म्हणालो, चूक त्यांची होती.
"असंल," म्हणाली.

१७ एप्रिल
मॅनेजर माझ्यासारखा माणूस. विचारल्याशिवाय काही करत नाही, केलेलं लगेच सांगतो. याला आधीच बोलवायला हवं होतं.
निमा दुकानात आली. कधी येत नाही. "बाबा, मामा येणार ना? अंतरपाटापाशी पाठीशी तोच उभा राहायला हवा. दुसरं कोणी मला चालणार नाही." येतील म्हणालो. मला खात्री नाही.

२५ एप्रिल
सौ. माहेरी जाऊन आली. दा.अ. घरोघर फिरून आले म्हणे. कुठे आत बसले नाहीत. दारात उभं राहून 'घरटी एकच माणूस' सांगायचं आणि पुढचं घर. ज्या घरांतून पूर्वी उठू देत नसत, त्या घरांतून.
लग्नाला येतो म्हणाले आहेत. "मामा हे, आलंच पायजे," असं. सौ.ने तेवढंच सांगितलं, बाकीचं गिळलं.
वाइंडिंग करताना आज एक कॉइल उलटी पडली. सगळी उकलावी लागली.

११ मे, सोमवार
काल कार्य झालं. मुहूर्तावर अक्षता पडल्या. पंगती वेळेत उठल्या, जिलबी शेवटपर्यंत कुरकुरीत. व्याही जाताना माझा हात हातात धरून म्हणाले, "अशी शिस्त पाहिली नाही." इतकी वर्षं हे ऐकायची हौस होती.
दा.अ. आणि वहिनी सकाळीच आले. निमाला हात धरून बोहल्याकडे आणलं ते त्यांनीच. पाठीशी उभे राहिले. नंतर कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून होते. त्यांचं धोतर पांढरंशुभ्र होतं. आजवर कुठल्याही लग्नात त्यांच्या धोतरावर वरणाचे, हळदीचे डाग नाहीत असं मी पाहिलेलं नाही. एक वाढपी त्यांच्याजवळून पाणी सांडत गेला. ते अर्धे उठले आणि पुन्हा बसले.
गल्लीतलं कोणी आलं नाही. घरटी एक सुद्धा नाही. मॅनेजर विचारत होता, ही पानं कोणाची राखून ठेवलीत?

१६ मे
निमा मांडवपरतणीला आली, गेली. सुखात दिसते. जाताना म्हणाली, "मामा माझ्याशी एकदाही चेष्टेनं बोलला नाही, बाबा." मी म्हणालो, गर्दी होती.
'एक घर सोडू नका.' हे मी कसं म्हणालो ते आठवून पाहतो. मोठ्या आवाजात, व्याह्यांना ऐकू जाईल असं. घरटी एक माणूस हे तेव्हा माझ्या मनात होतं का? मांडव केवढा लागेल याचा विचार त्या दिवशी मी केलाच नव्हता. हे कोणाला बोललेलो नाही.

७ जून, रविवार
मामाच्या मानाचा आहेर कार्यालयात घाईत राहून गेला होता. ते निमित्त करून सायखेड्याला गेलो. दा.अ. मळ्यात होते, म्हणून गल्लीत थांबलो. लोकांनी बोलावून बोलावून चहा पाजला. "या दाजी, बसा दाजी." एक शब्द वावगा नाही. मी शिव्यांची तयारी करून गेलो होतो.
शेजारच्या म्हातारीच्या ओट्यावर टेकलो. ती जवळ सरकून म्हणाली, "दामूला कमी ऐकू येतं काय वो आताशा? तुम्ही घरटी एक म्हणला आन् ह्यानं चूलबंद ऐकलं. त्योच सांगत व्हता समद्यांना, माझीच चूक झाली, दाजीस्नी बोल लावू नका म्हणून. आता नातीचं लगीन हे आमच्या. लेक म्हणतो, दामूअण्णाला नको, दुसरा कारभारी बघू."
मी म्हणालो, "त्यांना चांगलं ऐकू येतं, आजी."
"मंग?" तिने विचारलं.
तेवढ्यात दा.अ. आले, हातपाय चिखलाने भरलेले. "दाजी, तुम्ही व्हय! घरी चला, ही म्हातारी सोडायची नाय तुम्हाला." म्हातारी माझ्याकडेच बघत होती. मी उठलो. आहेर दिला. त्यांनी डोक्याला लावून घेतला, पाटावर ठेवला. उघडून पाहिला नाही. एस.टी.पर्यंत पोचवायला आले. कांद्याचे भाव, पाऊस, माझा गुडघा, सगळं विचारलं.

८ जून
सौ.ला रात्रीच सगळं सांगितलं, म्हातारीचं सुद्धा. ऐकून घेतलं तिने. सकाळी चहा देताना म्हणाली, "तुम्हाला तिथं बोलता येत व्हतं."
म्हातारीच्या नातीचं लग्न आषाढाच्या आधी आहे. अजून कारभारी ठरलेला नसेल. या रविवारी जाईन म्हणतो, आणि गल्लीत सगळ्यांसमोर सांगेन, घरटी एक असं मी म्हणालोच नव्हतो. दुकानात तीन मोटारी उघड्या पडल्या आहेत, त्या शनिवारपर्यंत उरकल्या तर.