कराचीच्या तुरुंगात, दामूस

घिवली, पो. तारापूर
१९ नोव्हेंबर १९९४

चि. दामूस,

दादाचे आशीर्वाद. आम्ही इकडे बरे आहोत. तूही बरा असावास. मागच्या दोन्ही पत्रांना उत्तर नाही. तिथे पत्रं तपासणाऱ्याला मराठी येत नसेल, म्हणून पडून राहत असतील.

तुझी बायको रत्नाबाई बोईसरला औषधांच्या कारखान्यात पॅकिंगला जाते. सुलू पहिलीत गेली. तिला वाटतं, मी होतो तसा तिचा बाबाही परदेशात नोकरीला आहे. आम्ही तिला तसंच वाटू दिलंय.

माझं म्हणशील तर पोरबंदरच्या मासेमारी बोटीवरून तुम्हा खलाशांना पाकिस्तान्यांनी पकडून नेलं, त्याच्या आधीच्याच महिन्यात आमच्या पेपरने इस्लामाबादचं ऑफिस बंद केलं. बाहेरच्या देशांत आपला माणूस ठेवणं परवडत नाही, वृत्तसंस्थेच्या बातम्या पुरतात, म्हणाले. नैरोबी, कोलंबो, इस्लामाबाद, एवढी वर्षं केली आणि घरी येऊन बसलो. गावाला मात्र वाटत होतं, कमलाकांत तिकडच्या मंत्र्यांबरोबर जेवलेला माणूस, एक फोन करील आणि दामू सुटेल. फोन मी केले रे. "कुठल्या पेपरकडून?" असं पलीकडून विचारलं की माझं बोलणं तिथेच संपायचं. व्हिसाही दोनदा नाकारला.

आई ऐकेना. गणपतीनंतर तिला दिल्लीला घेऊन गेलो. इस्लामाबादेत आपल्या वकिलातीत एक अधिकारी होते, त्यांच्या घरी मी दिवाळीला जेवलो होतो. ते आता दिल्लीत आहेत. त्यांनी लगेच आत बोलावलं, चहा मागवला. आईने पिशवीतून सुक्या बोंबलांची पुडी काढून थेट त्यांच्या टेबलावर ठेवली.

"माज्या पोराला पोचवा. त्याला तिथं मासळी नाय मिळत आसंल."

ते हसले नाहीत. "माताजी, ये वहाँ नहीं जा सकता," म्हणाले आणि पुडी उचलून तिच्या हातात दिली. मग मला म्हणाले, "कमलाकांतजी, बातचीत चल रही है." मी वार्ताहर असताना दुसऱ्यांच्या पोरांबद्दल विचारायचो, तेव्हाही ते हेच सांगायचे आणि मी ते बातमीत घालायचो.

परतीच्या गाडीत आईने ती पुडी पिशवीच्या तळाशी ठेवली.

"तू एवढं मुलूख फिरलास. तुज्या वळखीचा एक बी मानूस नाय?"

"होते, आई."

"मग?"

मी चहावाल्याला हाक मारली.

"तो तुरुंग कसा हाय रं? तू बगितलास ना?"

आपल्याकडच्या खलाशांवर बातमी करायला मी एकदा तिथे आत गेलो होतो. तिला म्हटलं, समुद्राचा वारा येतो. तू आत आहेस, तुला काय ते माहीत. "मग बरा," म्हणाली आणि डोळे मिटून पडून राहिली.

दामू, वर लिहिलंय की आम्ही बरे आहोत. मुख्य बातमी पहिल्या ओळीत द्यायची, हे मी नोकरीत कधी चुकवलं नाही. आज हात चालला नाही.

भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी आई गेली. सकाळी ओट्यावर बसली होती. रत्नाबाईकडे पाणी मागितलं, ती तांब्या घेऊन येते तोवर मान कलली होती. आईला अग्नी धाकट्याने द्यायचा. सगळे उगाच थोडा वेळ थांबले, तुझं नाव मात्र कोणी काढलं नाही. मग बळवंतमामा म्हणाले, "कमलाकांत, दे तूच." मी दिला. काल तेरावं झालं.

तुझ्या सुटकेबद्दल काही लिहीत नाही. लिहिण्यासारखं काही नाही, आणि खोटंच लिही म्हणून सांगायला आता आईही नाही.

हे पत्र पोचलंच, तर तोवर सुतक कधीच संपलेलं असेल. तरी तिच्या नावाने एकदा डोक्यावरून आंघोळ कर. पाणी देत असतील तर.

तुझा भाऊ,
कमलाकांत