हाकेचा दगड

२८ सप्टेंबर १९३४, पासली

उद्या खिंडीतला हाकेचा दगड फोडणार. नव्या रस्त्याच्या आड येतो म्हणे. गाय चुकली, पोर रुसून गेलं, की इथल्या बायका त्या दगडाशी उभं राहून नावानं हाक मारतात. गेलेलं परत येतं म्हणतात. मुकादमाला त्याचं काय!

परवा मीही मारली, गंमत म्हणून — माझ्याच माहेरच्या नावानं. लग्नात तांदळात 'सगुणा' लिहिलं आणि माहेरचं नाव गेलं. आता फक्त या वहीच्या पहिल्या पानावर आहे. मोत्या पायाशी घोरतोय. माझ्याशिवाय त्याला झोप नाही.

३० सप्टेंबर

काय झालं ते धड लिहिता येत नाही. काल सकाळी सुरुंग उडाला आणि खिंडीतून धुकं उतरलं. धुक्यात हाका. शेकडो! बायकांच्या, म्हाताऱ्यांच्या, कधीच मेलेल्यांच्या. खाचरातली माणसं आपलं नाव ऐकून 'ओ' म्हणाली आणि खिंडीकडे चालू लागली. अकरा जण. हेसुद्धा, वर्गातली पोरं तशीच टाकून.

मी कुठं गेले नाही. ओट्यावर तांदूळ निवडत होते. सूप उलटं पडलेलं दिसलं, मांजरानं पाडलं असेल.

संध्याकाळी सगळे परत आले. "देव पावला बाई," शेजारच्या बयाबाई म्हणाल्या. मला नाही तसं वाटत.

१ ऑक्टोबर

हे बदललेत. भाकरीचा घास घेऊन थांबले. "मीठ विसरलीस?" — चार वर्षांत कधी विसरले नाही मी. चव यांच्याच तोंडाची गेली. मोत्याही घरात पाऊल टाकत नाही. अंगणात बसून आमच्या दाराकडे बघत गुरगुरतो. कुत्र्याला कळतं.

३ ऑक्टोबर

बयाबाईंचा मुलगा भिमा खोटा निघाला!

धनगरवाड्यावरचे कोंडिबा आले होते, ऐंशीच्या घरातले. चावडीवर सगळ्यांना सांगितलं, "दगडात लई पिढ्यांच्या हाका साठल्या हुत्या. हाकंमागं ज्यो गेला, त्येच्या जागी कवा कवा दुसरंच येतं. आपुन खोटं हाय, हे त्येचं त्येलाबी ठावं नसतं. घरच्या मानसानं नाव घिऊन हाक मारावी. खऱ्याची ओ आपसूक येती. खोटं नुसतं बघत ऱ्हातं."

बयाबाईंनी हाक मारली. भिमा नुसता बघत राहिला. त्याला दावं बांधून खिंडीत सोडलं, आणि तासाभरानं खरा भिमा भुकेनं कळवळत खाली आला. कोंडिबा म्हणाले, हे सगळं सर्वपित्री अमावस्येचा दिवस मावळायच्या आत व्हायला हवं. नंतर खरं माणूस तिकडेच राहतं, कायमचं.

४ ऑक्टोबर

बाकीच्या नऊ जणांना घरच्यांनी हाका मारून झाल्या. सगळे खरे. राहिले हे. यांना आई नाही, भाऊ नाही. गावाला हे नुसते 'मास्तर'. म्हणजे उरले मी. आणि मी नवऱ्याचं नाव कसं घेऊ? घेतलं की त्याचं आयुष्य कमी होतं म्हणतात. उखाण्यातसुद्धा मी पुटपुटतच घेतलेलं.

कोंडिबांना विचारलं, उखाण्यात घेतलं तर चालेल का. म्हातारा हसला. "उखाण्याला कुनी ओ देतंय व्हय?"

५ ऑक्टोबर

हे पाळत ठेवतात माझ्यावर. चुलीशी, पाणवठ्यावर, सगळीकडे. गाय पान्हा सोडत नाही. दृष्टच तशी पडते यांची.

७ ऑक्टोबर

दोन दिवस झाले, हे शाळेच्या ओसरीवर निजतात. घरात झोप लागत नाही म्हणे. ज्याला काही लपवायचं असतं तोच असा लांब लांब राहतो. भीती वाटते. पण माझा खरा माणूस तिकडे खिंडीत गारठत उभा असेल, या विचारानं घास उतरत नाही. इतकी माया आहे मला त्यांची, हे कधी सांगितलंही नाही.

उद्या अमावस्या. नाव घेणार, जीभ झडली तरी.

८ ऑक्टोबर, सकाळी

घेतलं. भर अंगणात, बयाबाईंच्या देखत. पुढे राव नाही, आधी अहो नाही, नुसतं नाव.

"ओ!" शाळेतून आली. त्यांची नेहमीची, शेवटी वर चढणारी. खडूचे हात झटकत हे आले, आणि मी तिथंच रडायला लागले.

जवळ आले नाहीत. म्हणाले, "मीही हाक मारतोय, आठ दिवस. सगुणा, सगुणा म्हणून. तू नुसती बघत राहतेस."

मी म्हटलं, ते तांदळातलं नाव, ते कुठं माझं? माहेरच्या नावानं मारा, देईन ओ.

"काय ते? तूच सांग."

डोळे भरले होते त्यांचे. नाव त्यांना ठाऊक होतं, दिसत होतं ते. मला सांगता येईना.

८ ऑक्टोबर, तिसरा प्रहर

वहीचं पहिलं पान काढलं. 'ही वही चंद्राची. मु. शिवरे.' कोण ही चंद्रा? ओट्यावर येऊन मोठ्यानं वाचलं.

खिंडीतून ओ आली. बाईची, थकलेली. मोत्या तिकडे धावत सुटला.

गोठ्यातलं दावं काढून आणलंय. मीच देते त्यांच्या हातात. त्यांच्यानं मागवणार नाही.