मॅकरे साहेबाची टोपी

चंद्रपूर, २० ऑक्टोबर २०२४

चि. दसरू यास रुखमाआत्याचे अनेक आशीर्वाद.

तू टोपी घेऊन वडशाले गेला तेव्हापासून आलमारीतला वरचा कप्पा मले खायले उठते. फोन करू नको. माह्या कानाले आता काही पोचत नाई. डोळे शाबूत आहेत, कागदावर लिही.

नाटक लिहायचं म्हणतो, तर साहेबाचं नीट समजून घे. मॅकरे साहेब खाणीत इंजिनं दुरुस्त करायले आला, पण त्याच्या मुलखात, स्कॉटलंडात, तो फुटबॉलवाला होता. चौदाव्या वर्षी कोळसा खाणीत, मग मैदानावर. गुडघा मोडला तसं क्लबानं त्याले घरी बसवलं अन् तो आपल्या इथी आला. कोळशाच्या ढिगामागची जागा खेळायले त्यानं स्वतः साफ केली. तुहा आजा, माहे बाबा, अनवाणी गोल राखत. चेंडूकडं नाई, मारणाऱ्याच्या कमरेकडं पाह्य, हे त्यांना साहेबानं शिकवलं.

एकोणचाळीसात लढाई लागली. जाताना साहेबानं टोपी बाबांच्या हाती दिली अन् सांगितलं की परत येईन तेव्हा घेईन. बाबांनी ती एकदाही डोक्यावर ठेवली नाई. दर दसऱ्याले कुदळ अन् खाणीतल्या कंदिलासोबत पाटावर पुजली. त्यांच्या मागं मी पुजते. ती आपली नाई, अमानत आहे. पुढच्या दसऱ्याले पाटावर पाहिजे.

दिव्यानीले आशीर्वाद. बाप नाटकाच्या नादात जेवत नसल तर तिनं मले कळवावं.

तुही आत्या,
रुखमा

वडसा, १८ डिसेंबर २०२४

ती. आत्याबाईंना दसरूचा सा. न. वि. वि.

नाटक उभं राहिलं. मी लिहिलं तेव्हा मॅकरे साहेब त्यात नायक होता. नाटक मंडळीच्या मालकानं वाचून डोळे पुसले आणि म्हणाला की लेखकभाऊ, फारच सुंदर, पण गोऱ्या माणसासाठी आपल्याकडं रडणार कोण? आमच्या झाडीपट्टीच्या नाटकात एक मरणारी बहीण, एक दारुडा जावई आणि एक विनोदी पात्र लागतंच. या तीन जागा भरल्याशिवाय पडदा वर जात नाही. बहीण आणि जावई मी नव्यानं लिहिले. विनोदी पात्र आयतं हाताशी होतं.

तर साहेब आता लंगडत चेंडूमागं धावतो आणि पडतो. लोक पोट धरून हसतात, गावोगावहून बोलावणी येतात. वीस वर्षांत माझ्या लेखणीला एवढा मान मिळाला नव्हता. आजोबा असते तर तेही हसले असते, असं मी रोज स्वतःला सांगतो. रोज सांगावं लागतं, हे खरं.

टोपी सुखरूप आहे. लोभ असू द्या, आणि थोडी माफी आगाऊच द्या.

आपला,
दसरू

चंद्रपूर, ७ जानेवारी २०२५

चि. दसरू यास आशीर्वाद.

शेजारची उर्वशी माहेरी सिंदेवाहीले गेली होती, तिथं तिनं तुहं नाटक पाहिलं. मले ऐकू येत नाई म्हणून तिनं अंगणात टॉवेल डोक्याले बांधून साहेब लंगडून दाखवला. मी पण हसली. मंग तिनं कपाळाजवळ बोटं नाचवली, टोपीचा गोंडा कसा हालते ते दाखवाले. माहं हसू तिथंच थांबलं.

निळ्या मखमलीची टोपी, समोर चांदीच्या तारेचं काटेरी फूल, वर गोंडा. अशी दुसरी टोपी वडशात कोणी शिवत असल तर तसं लिही. नसल तर तेही लिही. अन् मोडलेला गुडघा हसण्याचा काऊन झाला रे?

रुखमा

वडसा, १७ जानेवारी २०२५

ती. आत्याबाईंना सा. न. वि. वि.

दुसरी टोपी नाही. तीच होती.

आमचा विनोदी नट इसरू, त्याला कपड्यांच्या पेटीतली एकही टोपी बसेना. एका प्रयोगापुरती म्हणून मीच काढून दिली. मग हशा आला, आणि हशा आला की माझे हात टोपी परत मागायला पुढं होत नाहीत. गोंडा डोळ्यावर येतो म्हणून त्यानं गेल्या शनिवारी तो कापला आणि मोटरसायकलच्या किल्लीला बांधला. किल्ली आरमोरीच्या रस्त्यावर कुठंतरी पडली. तुमचं पत्र सोमवारी आलं. दोन दिवस तो रस्ता मी पायी धुंडाळला.

काल दिव्यानीनं मोबाईलवर साहेब शोधून काढला. तिला हे मी आधी सांगायला हवं होतं. तशी टोपी विकत मिळत नाही. देशाकडून खेळणाऱ्यालाच देतात. साहेब देशाकडून एकदाच खेळला, १९२८ साली, आणि सामना हरला. चाळीसमध्ये तो ज्या जहाजाची इंजिनं सांभाळत होता ते बुडालं. म्हणून तो आला नाही. त्याच्या गावचा क्लब अजून विचारतो आहे की ती टोपी कुठं आहे कोणाला ठाऊक आहे का.

टोपी दिव्यानीच्या हाती पाठवतो. स्वतः यायची छाती नाही. रागवा, पण तोडू नका.

दसरू

चंद्रपूर, २५ जानेवारी २०२५

चि. दसरू यास आशीर्वाद. ते दिलेले आहेत, परत घेता येत नाईत.

टोपी पोचली. गोंड्याच्या जागी चार धागे उभे आहेत. मी ते कापले नाई, शिवले नाई.

म्हातारपणी फाटकाची कडी वाजली की बाबा आधी आलमारीकडं पाहत, मग दाराकडं. साहेब कधीचा पाण्याखाली होता.

इसरूले काही बोलू नको. टोपी त्याच्या हाती कोणी दिली?

आता एक काम कर. त्या क्लबाले पत्र लिही, दिव्यानी त्यांच्या भाषेत करून देईल. लिही की टोपी आहे, येऊन घेऊन जा. गोंडा नाई, अन् काऊन नाई, तेही लिही. लटारू नावाचा माणूस अनवाणी गोल राखे हेही लिही, तिथं कोणाले माहीत नसल. पाठवण्याआधी मले वाचाले आण. पोरीच्या हाती नाई, स्वतः आण.

अन् त्या पत्रात हसू येईल असं एकही वाक्य घालू नको.

तुही आत्या,
रुखमा